काच म्हणजे काच

प्रिय वीब्के,

शुक्रवारचा तुझा विनोदी कार्यक्रम पाहिल्यापासून अंगाची नुसती लाहीलाही होते आहे. शेजारच्या टेटेन्सबाईंना मी कौतुकाने बोलावलं होतं. चहात खडीसाखर घालते आहे, तोवर तू पडद्यावर आलीस. माझ्यासारखे पांढरे केस, माझंच निळं विणलेलं जाकीट, एक बटण वेगळं असलेलं! आणि शेजारचा माणूस प्लास्टिक-कचऱ्याच्या पिवळ्या पिशवीत काचेच्या बरण्या टाकतो म्हणून मुलीला फोनवर पिडणारी म्हातारी. टेटेन्सबाई डोळे पुसत म्हणाल्या, "अगं इर्मगार्ड, ही तर तूच गं! 'काच म्हणजे काच!' अगदी तस्संच!" मी कप असा आपटला की त्याचा कानच तुटला. शनिवारी पाव आणायला गेले, तर काउंटरवरची पोरगी म्हणते, "या, काच म्हणजे काच!" अख्खी रांग खिदळली. एम्डेनमध्ये तोंड दाखवायला जागा ठेवली नाहीस.

विनोद करू नको, असं मी कधी म्हटलं? बाबांच्या दफनानंतर पाद्रीबुवांची नक्कल करून तूच मला हसवलं होतंस. बँकेची नोकरी सोडून विनोदी कामं करायला कोलोनला निघालीस, तेव्हा सगळ्यांनी नाकं मुरडली. तुझ्या बाजूने भांडले ती मी एकटी. तेव्हा आपण दोघी मिळून हसायचो गं.

तरीही हे सगळं मी गिळलं असतं. पण ती म्हातारी बरण्यांचं सांगता सांगता मधेच म्हणते, "आणि हो, छातीत गाठ निघाली आहे, कापायची म्हणतात." पलीकडून मुलगी म्हणते, "हं, हं. मग बरण्या काढल्या कोणी?" तिथे प्रेक्षक सगळ्यात जास्त हसले. टेटेन्सबाईंचा चेहरा मात्र पडला. मला तपासणीला त्याच घेऊन गेल्या होत्या.

ईस्टरनंतरच्या फोनवर मी तुला हे असंच सांगितलं होतं, बरण्यांच्या मधे दडवून. सरळ सांगायचा धीर होईना. तू "हं, हं" म्हणालीस. मला वाटलं, कामात असेल पोरगी, ऐकलंच नसेल. तेवढ्यावर मी मनाची समजूत घातली होती. पण तू तर शब्दन् शब्द ऐकला होतास! आणि तुला सुचलं काय, तर हे?

ऑपरेशन येत्या गुरुवारी आहे. फोन करू नकोस. फोनवर मला मुद्द्याचं बोलता येत नाही, हे आता साऱ्या देशाला ठाऊक झालं आहे. तू ये.

तुझीच,
आई