आकडामुक्त आंबेखिंड

७ मार्च २००६
मुरगूडजवळच्या आंबेखिंडीत वीजचोरीचा पहिला छापा. तारेवर आकडेच आकडे. एक स्वतः काढायला गेलो, झटका बसला. वायरमन आकाराम हसल्यासारखा वाटला. नंतर देवळासमोर प्रामाणिकपणावर तासभर बोललो. लोक अंतर्मुख झाले. दोघे तर डोळे मिटून ऐकत होते.
संकल्प : यापुढे आधी सगळ्या गावाची लाईट बंद, मगच छापा. सेफ्टी फर्स्ट.

२१ मार्च
दुसरा छापा. ट्रान्सफॉर्मरवरून लाईट बंद केली, निवांत चहा घेतला, मग गावात शिरलो. आकडे फक्त तीन! भाषण पोचलं. चिमणाबाई नावाच्या म्हातारीच्या दारात लांब बांबू होता. विचारलं, तर म्हणाली, ‘‘शेवग्याच्या शेंगा काढाय हाय की.’’ शेवगा दिसला नाही. पण उगाच संशय घेणं बरं नव्हे.

४ एप्रिल
तिसरा छापा. लाईट बंद, चहा, गाव. एकही आकडा नाही!! आकारामला विचारलं, मग वीज तेवढीच का जळते? म्हणाला, ‘‘उन्हाळा हाय साहेब.’’ पटलं.
वरती रिपोर्ट धाडला : ‘वक्तृत्वातून वीजचोरी निर्मूलन.’

१८ एप्रिल
मोठ्या साहेबांचा फोन. आंबेखिंड ‘आकडामुक्त’ जाहीर करायला स्वतः येणार. कार्यक्रम नीट झाला तर माझी बदली कोल्हापूरला. फोन ठेवल्यावर डोळे भरून आले. दोन वर्षं शनिवारी रात्री घरी पोचतोय. गेल्या खेपेला श्रुती दारातून ओरडली, ‘‘आई, ते बाबा आलेत.’’ ‘ते’ लागलं मनाला. इरावती म्हणाली, ऑर्डर हातात पडल्याशिवाय कुणाला सांगू नका. बायकांना दूरदृष्टी नसते. सगळ्यांना सांगितलं.

८ मे
उद्या कार्यक्रम. एक कल्पना सुचली. मी खूण करताच आकारामने गावाची लाईट घालवायची आणि अंधारात सर्वांनी वीजबचतीची शपथ घ्यायची. सरपंच हंबीररावांना सांगितलं, तर चेहरा उतरला. ‘‘लाईट घालवाय पायजेच काय साहेब?’’ असं दोनदा विचारलं. अंधाराला भीत असावेत. धीर दिला.

९ मे, रात्री
मांडव झगझगीत. गाव झाडून हजर. साहेब खूश. मी खूण केली, अंधार झाला. ‘‘मी शपथ घेतो की’’ एवढं म्हणालो, तोच खुर्च्या धडाधड पडल्या आणि सगळं गाव उठून पळत सुटलं. साहेबांना भूकंप वाटला. ते टेबलाखाली.
ड्रायव्हरने बॅटरी मारली. घराघरातून बांबू वर गेलेले, आकडे पटापटा खाली येत होते. चिमणाबाईचा सगळ्यांत आधी. मांडवाचा आकडा खुद्द हंबीररावांनी उतरवला, घाम पुसला आणि सवयीने म्हणाले, ‘‘या आता बगाय, एक बी न्हाय.’’
साहेब जेवायला थांबले नाहीत.

१२ मे
बदली. चंदगड. माझ्या वक्तृत्वाची तिकडे जास्त गरज असणार. इरावतीने माझ्या बॅगेत छत्री आणि एक जादा चादर भरली. भांडली असती तर बरं झालं असतं.

१५ जून, चंदगड
धो धो पाऊस. भाड्याची खोली. मी कोण, काय, अजून सांगितलं नाही. संध्याकाळी नवीन भाषण लिहायला बसलो आणि लाईट गेली. घरमालक बांबू घेऊन धावत आले. म्हणाले, ‘‘पावणं, जरा बॅटरी धरा की, छापा आलाय वाटतं.’’
धरली.