हुंदक्यावरचा बीट

आर्णी, रविवार, दिवेलागणीची वेळ

आज बसस्टँडजवळ कविता भेटली. समोर कोणाची तरी वरात अडकली होती अन् डीजेवर मी मिक्स केलेलं माहंच गाणं वाजून राह्यलं होतं. त्यातला हुंदका आला का पोरं हात वर करून उड्या मारत. मी खुशीत. ती डीजेकडं पाहून राह्यली होती.

मंग म्हणाली, "भाऊ, तुह्या गळ्यात पडून रडली मी, तवा मोबाईल चालू होता काय?"

कविता माह्या दोस्ताची, सचिनची बहीण. त्यांच्या बंजारा तांड्यात नवरी निघताना एकेकाच्या गळ्यात पडून ढावलो म्हणते, म्हणजे रडतरडतच गाते. मी काही त्यांच्या गोताचा नाही. तरी तिच्या लग्नात तिनं भाऊ मानून माह्याही गळ्यात पडून ढावलो म्हटलं होतं. अन् तिच्या पाठीमागं, माह्या हातात, मोबाईल.

लग्नातलंच गाणं, वरातीत चालते, असं मले काहून वाटलं? का मीच तसं वाटून घेतलं? रेकॉर्डिंगमधून तिचा आवाज कापून घेतला, खाली ढोल टाकला, अन् जिथं तिचा गळा दाटला तो हुंदका फिरून फिरून लावला. लोकांनी नेमका तोच डोक्यावर घेतला.

अन् आज तिनं विचारल्यावर मी तिले काय म्हटलं? "आवाज लय भारी आला तुहा." थू.

घरी येऊन मूळ रेकॉर्डिंग ऐकलं. हुंदक्याच्या मागोमाग माहाच आवाज आहे, "रडू नको, मी आहो ना."

बीट बिघडत होता म्हून तेवढं मी कापून टाकलं होतं.