'सेर्वुस' कुणाचा?

व्हिएन्ना, ९ मार्च १९५६

प्रिय बर्टल,

नव्या वर्षाचं कार्ड पोचलं. तुझ्या बायकोचा, रोझाचा गुडघा, मेलबर्नचा उन्हाळा, तुझं टोप्यांचं दुकान, सगळं वाचलं. मी ठीक आहे. एक दाढ काढली, पांढरे केस रंगवते, जीभ मात्र होती तशीच तिखट आहे. युद्ध संपल्यापासून तुझी दहा कार्डं आली आणि मी एकालाही उत्तर दिलं नाही. आज देते आहे, तेव्हा शेवटपर्यंत वाच.

आपल्या कामाला लोक अजून नाकं मुरडतात. परवा माझी सख्खी बहीण म्हणाली, "हर्मिने, साठीला टेकलीस, आता तरी काही गंभीर लिही." म्हटलं, रडवायला काय, कांदा चिरला तरी डोळ्यांत पाणी येतं. हसवून दाखव म्हणावं. एकवीस चित्रपट लिहिले, एकवीस जोडपी गाणी म्हणत बोहल्यावर चढवली. मला त्याची काडीची लाज वाटत नाही.

लाज वाटते ती दुसऱ्याच गोष्टीची, आणि ती इथे सांगायला मला एवढा वेळ लागतो आहे.

आपला तो जिन्यावरच्या भाडेकरूंचा चित्रपट आता रंगीत करायचा घाट घातलाय. निर्माते ट्रुमलर म्हणून आहेत, माणूस हुशार आहे. गेल्या महिन्यात बैठक झाली. भांडवल घालणारा गृहस्थ हॅम्बुर्गचा. तुझ्या 'सेर्वुस'च्या प्रसंगावर तो अडून बसला. नायक निघून जाताना दारातून 'सेर्वुस' म्हणतो, आत स्वयंपाकघरात असलेल्या नायिकेला वाटतं हा आत्ताच आला, आणि ती कॉफी ओतायला घेते. हॅम्बुर्गवाला म्हणाला, "आमच्याकडे येताना एक म्हणतात, जाताना दुसरं. तिला कळत कसं नाही?"

ट्रुमलर हसले. "साहेब, व्हिएन्नात दोन्हीला एकच शब्द. हा विनोद बाईसाहेबांशिवाय कुणाला सुचलाच नसता."

"माझा नाही तो," मी म्हटलं. "बर्टल कालमुसचा आहे."

"कोण कालमुस?"

बर्टल, आपण दोघांनी सात वर्षं एका टेबलावर लिहिलं, आणि त्या खोलीत तुझं नाव एकालाही माहीत नव्हतं. ती करणी माझी. अडतीस साली नाझी तुम्हा ज्यूंची नावं पडद्यावरून पुसायला निघाले, तेव्हा कचेरीत माझ्यापुढे एक कागद ठेवला. 'ही पटकथा मी एकटीने लिहिली.' मी सही केली. मला कुणी धमकावलं नव्हतं. नको म्हणाले असते तर काम गेलं असतं, जीव गेला नसता. आणि खरं सांगू, सही करताना मला आतून बरंही वाटलं. पडद्यावर माझं एकटीचं नाव. पंधरा दिवसांनी तुला स्टेशनवर पोचवायला आले, तुझी बॅग धरली, आणि यातलं अवाक्षर बोलले नाही.

हे सगळं मी त्या बैठकीत सांगितलं. ट्रुमलर म्हणाले, "बाईसाहेब, गाडलेली मढी कशाला उकरता?"

"तो जिवंत आहे. टोप्या विकतो."

"त्याच्याकडे काही पुरावा?"

"मी आहे ना."

मग त्यांनी आवाज चढवला. माझ्या एकटीच्या नावाने करार, नाहीतर दुसरा लेखक. मी करारावर माझ्या नावाच्या वर तुझं नाव लिहिलं, आणि अडतीस सालचा तो कागद खोटा होता असं सहीनिशी लिहून वकिलाकडे दिलं. त्याची एक प्रत वर्तमानपत्रालाही पाठवली. ती छापून आली तेव्हा ट्रुमलर नमले: दोघांच्या सह्या आल्या तर दोन नावं, नाहीतर दुसरा लेखक. इथे आता माझ्याशी बोलायला लोक बिचकतात. बिचकू देत.

करार सोबत आहे. तुझ्या सहीची जागा मोकळी ठेवली आहे. सही कर किंवा फाडून टाक, तो हक्क तुझा. मी माफी मागत नाही, कारण तू भला माणूस आहेस, लगेच देऊन मोकळा होशील, आणि मला इतक्या स्वस्तात सुटायचं नाही. तू फाडलास तर तो चित्रपट माझ्याशिवाय होईल. चालेल मला. पण त्या पटकथेवर माझं नाव यापुढे एकटं येणार नाही.

तुझं नाव चोरणारी, आणि तरीही तुझी सहलेखिका,
हर्मिने