दोरवाल्यांची अर्धी ओळ

४ जून

ती. स्व. काकांस,
सा. न. वि. वि.

गुडघे कसे आहेत? खरं कळवा, कवितेत नको.

इकडे माझी चांगलीच जुंपली आहे. दोर वळणाऱ्यांच्या गाण्यावरची आमची फिल्म काढणारी संस्था म्हणते, पाठ्यपुस्तकात छापलंय तसंच गा, तेही माइकसमोर उभं राहून. दोरवाल्या मावशींकडे मी दोन वर्षं शिकतेय. त्या दोर वळत, पाऊल पाऊल मागं सरकत गातात. चौथ्या कडव्यात ओळ अर्ध्यावर सोडतात. तिथं पीळ ताणून धरायचा असतो, गायला दम उरतच नाही. पुस्तकात मात्र ती ओळ पूर्ण! मावशी म्हणाल्या, लिहिणाऱ्यानं जन्मात दोर धरलेला नाही. संचालक म्हणतात, मावशीच विसरल्या असतील. सोमवारपर्यंत ऐकलं नाही तर दुसरी गायिका आणणार. मी ऐकणार नाहीच. पण पुस्तकासाठी हे गाणं तुम्हीच उतरवून घेतलं होतं ना? ओळ पूर्ण ऐकली होती?

माया आहेच, पण उत्तर लवकर.
तुमची भिंगरी

७ जून

चि. भिंगरीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

गुडघे कुरकुरतात, गद्यातच.

मावशींनी बरोबर ओळखलं. तेव्हा मी नवा मास्तर, वृत्तांच्या प्रेमात आकंठ बुडालेला. वर्गात कविता म्हणू लागलो की खिडकीबाहेरचं झाडही मान डोलावतंय असं वाटायचं. दोरवाल्यांच्या लांबलचक शेडच्या दारात बसून गाणं लिहून घेतलं. ओळ तुटली, तर वाटलं, बिचारे विसरले! मोजल्या, तर सहा मात्रा कमी. घरी येऊन ‘चांदण्या’ हा शब्द घातला आणि भोक बुजवलं. चाळीस वर्षं पोरं माझ्या चांदण्या पाठ करताहेत. लाज वाटते गं.

संचालकांना म्हणावं, ती ओळ रचणारा अजून जिवंत आहे आणि कॅमेऱ्यासमोर तसं सांगेल. सोबतच्या कागदावर सही करून लिहून दिलंय. तू मागं सरकतच गा. त्यांच्या चौकटीबाहेर गेलीस तर चौकट त्यांनी हलवावी.

मावशींचा राग आणि तुझा लोभ, दोन्ही चालतील.
काका

२९ जून

ती. स्व. काकांस,
सा. न. वि. वि.

तुमचा कागद वाचून संचालकसाहेब म्हणाले, म्हातारी माणसं हळवी होतात. पुस्तक बदलणार नाही. मग मीही बदलले नाही. त्यांनी कॅमेरा परत नेला. मैत्रिणीचा जुना कॅमेरा आणून आम्ही अख्खं गाणं टिपलं. दोर वळत, मागं सरकत शेडबाहेर पार रस्त्यात गेलो. टेम्पोवाला भोंगा वाजवत होता. मावशींनी त्याला नुसत्या डोळ्यांनी थांबवला.

सभागृह मिळणार नाही म्हणाले. काल शेडच्याच भिंतीवर दाखवली फिल्म. शाळेची पोरं खच्चून भरली होती. चौथ्या कडव्याला ती सवयीनं तुमच्या चांदण्या म्हणू लागली, तशा मावशी ताडकन उठल्या. गप्प बसा, आमचे हात अडकलेत, म्हणून दरडावलं. पोरं चिडीचूप. त्या शांततेत भिंतीवरचा दोर करकरला, अगदी मोठ्यानं.

मग पाचवं कडवं सुरू झालं.

आशीर्वादाच्या हक्काची,
भिंगरी