नाक्यावरचा प्रयोग

मास्तर, तुम्हाला मराठीचं एक अक्षर वाचता येत नव्हतं, आणि आता तर तुम्ही नाहीतच. तेव्हा इथे खोटं लिहिण्याचं काही प्रयोजन उरलेलं नाही. सौदीतल्या दम्मामच्या त्या कंपनीत मी टंकलेखक, संस्कृत पाठशाळेत शिकलेला म्हणून तुमच्यासाठी 'पंडित'; तुमचा मुलगा माझा साहेब. तुमचे गुडघे थकल्यावर त्यानं तुम्हाला फ्रान्सहून आणलं. नाटक नाही, सिनेमागृह नाही अशा मुलखात एका नटाला! दर आठवड्याला तुम्हाला अल-खोबरच्या डॉक्टरांकडे गाडीनं न्यायचं काम माझ्याकडे आलं आणि मोडक्या इंग्रजीत तुमची सगळी कारकीर्द माझ्या कानांवर पडली. चाळीस वर्षं रंगमंचावर नि पडद्यावर नोकर, वेटर, हवालदार. फार तर एखादा पाद्री. "रस्त्यात लोक मला ओळखतात, पंडित. पण त्यांना वाटतं, मी त्यांच्या गल्लीतला जुना खाटीक आहे." मी म्हणायचो, "आमच्याकडे याला निष्काम कर्म म्हणतात." "आमच्याकडे कमी पगार म्हणतात," तुम्ही म्हणायचात.

त्या सकाळी नाक्यावर पोलिसानं गाडी अडवली. "इकामा?" मी खिसा चाचपला. इकामा, म्हणजे तिथं राहण्याचा परवाना, खोलीवर, आदल्या दिवशीच्या सदऱ्यात. इकाम्याशिवाय सापडलं की आधी कोठडी, मग परत पाठवणी, हे आमच्या खोलीत रोज ऐकलेलं. गावी वडील अंथरुणाला खिळलेले, आणि नोकरी लागून मला जेमतेम दोन महिने झालेले. पोलीस दार उघडतो. "उतर." आणि शेजारी तुम्ही एकदम काठी आपटता. चेहरा लालबुंद, मानेची शीर तटतटलेली. माझी कॉलर धरून हिसडे देता, फ्रेंचमध्ये गरजता. मला त्यातलं काही कळत नाही, पोलिसालाही नाही. काठी उगारलेली पाहून तोच मध्ये हात घालतो. "खलास, शेख, खलास! मिस्कीन आहे बिचारा." मग माझ्याकडे वळून, "यल्ला, जा. उद्या खिशात ठेव." माझे डोळे वाहत होते, गिअरवरचा हात लटलटत होता.

नाका मागे पडला तसे तुम्ही खो खो हसलात. "चाळीस वर्षं मालकांच्या याच शिव्या खाल्ल्यात, सगळ्या पाठ आहेत! पण तू, पंडित... ते अश्रू, तो कंप! कुठे शिकलास?" मी घसा खाकरून म्हणालो, "पाठशाळेत. नाट्यशास्त्रात सात्त्विक भाव म्हणतात त्यांना." तुम्ही मान डोलावलीत, थोडी असूयेनंच. पुढे येईल त्या पाहुण्याला तुम्ही सांगत राहिलात, की या वाळवंटात मला एक अस्सल नट भेटला. आणि मी चहाचा कप हातात घेऊन विनयानं हसत राहिलो. तुमच्या अंत्यसंस्काराच्या दिवशी तुमच्या मुलानंही तेच सांगितलं. तेव्हाही मी विनयानं मान लववली.

हे पत्र टाकायला पेटी नाही, असती तरी टाकलं नसतं. मास्तर, मी अभिनय करत नव्हतो. आणि तुम्ही करत होतात, हे तुम्ही हसेपर्यंत मला कळलं नव्हतं.