सर्जनचं स्टूल

पार्सिपनी, अमेरिका, रविवार

प्रिय जागृतीताई,
सप्रेम जय भीम.

दर फोनवर तू विचारतेस, "व्हिएतनामचे डॉक्टर अजून शिकले नाहीत का गं? किती वर्षं सगळी सुट्टी तिकडेच घालवणार?" तर ऐक, शिकले.

यंदा दा नांगच्या त्या लाल झेंड्याच्या सरकारी हॉस्पिटलात एका बाळाचा जन्मतःच फाटलेला ओठ शिवायचा होता. मी सवयीने टेबलाच्या डोक्याकडच्या स्टुलावर जाऊन बसले. ती जागा सर्जनची. मग लान हळूच म्हणाली, "ताई, आज तिथे मी बसते." पहिल्या वर्षी हात थरथरतो म्हणून रडली होती, तीच ही माझी विद्यार्थिनी. मी उठले आणि तिला असिस्ट केलं. तिने टाका घातला, मी धागा कापला. "लांब राहिला," ती म्हणाली. अगं, अगदी याच आवाजात मी तिला रागवायचे! मास्कच्या आत इतकी हसले की चष्म्यावर वाफ धरली.

हे पत्र मी पोस्ट करणार नाहीये. वाचलंस तर म्हणशील, "मग आता सुट्टीत नागपूरला ये." आणि मी तर पुढच्या वर्षीचं तिकीट दा नांगचंच बुक केलंय.

तिकडे सगळे मला त्यांच्या भाषेत ताई म्हणतात. आपल्या घरातलं मी शेंडेफळ. पन्नाशी उलटल्यावर कुणाची तरी ताई होण्यात काय सुख असतं, ते तुला कसं कळणार? तू तर माझ्या जन्मापासूनच ताई आहेस.

तुझी छोटी,
संघमित्रा