पवळ्याची चोरी

२० ऑगस्ट, बुध.
जळगावच्या ऑफिसात आजही कुत्रं फिरकलं नाही. पाटीवर 'गुप्तहेर', कामं लग्नाआधीच्या चौकश्यांची, तीही बंद पडलीत. परवा असोद्याला सासऱ्यांनी, आबांनी, चारचौघांत विचारलं, "जावईबापू, तुम्हाले कधी काही सापडलं का?" सगळे हसले. मनीषाही. माझीच बायको!
ठरलं. शुक्रवारी पोळा. आबांचा पवळ्या बैल चोरीला जाणार आणि मी शोधून आणणार.

२१, गुरु.
दुपारी आबांचा सालावर ठेवलेला गडी लालसिंग जेवायला गेला, तेवढ्यात पवळ्या उसन्या पिकअपमध्ये चढवला, एरंडोलला प्रकाशच्या अंगणात बांधला. जुना दोस्त, फार विचारत नाही.
संध्याकाळी फोन आलाच. पोळ्याच्या आदल्या संध्याकाळची खांदेमळणी, बैलाच्या खांद्यांना चोळायला हळद-लोणी तयार, बैल गायब. आबा चक्क रडत होते. एवढं होईल वाटलं नव्हतं. म्हटलं, उद्या आणतो, माझ्यावर सोडा.

२२, पोळा.
पवळ्याला घेऊन गेलो. सांगितलं, चोर रस्त्यात सोडून पळाले. गावाने डोक्यावर घेतलं.
पण पवळ्याच्या खांद्यांवर हळद! प्रकाशच्या बायकोला राहवलं नाही. दारात बैल आणि खांदेमळणी नाही, तिला कसं चालेल? वहिनी, काय केलंत हे. आबा आनंदात, त्यांनी पाहिलं नाही. मनीषाने पाहिलं. स्वयंपाकघरात गाठून हळूच म्हणाली,
"चोर बैलाचे खांदे मळतो का हो?"
मी पाण्याचा तांब्या उचलून बाहेर सटकलो.
आणि लालसिंग कुठे दिसेना. काल आबांनी त्यालाच चोर ठरवून थोबाडीत मारली म्हणे. पहाटेच बायकोला घेऊन आपल्या गावी, पिंपळनेरला गेला. पवळ्याला वेशीत दरवर्षी तोच मिरवायचा. फार वाईट वाटतंय. जेवण गेलं नाही.

२३, शनि.
आबांना खंत. म्हणाले, बैल आणला तसा माणूसही आणा, तुमच्याशिवाय कोणाला जमणार. लालसिंगसाठी पोळ्याला घेतलेले नवे कपडे मनीषाने पिशवीत घालून दिले. माझ्याकडे बघितलं नाही.

२४, रवि.
धुळे, साक्री, पिंपळनेर. लालसिंगने चहा दिला. कपडे घेतले नाहीत.
"आबावर माना राग नही. चोर कोन व्हता, तेवढं गावम्हा सांगा. मंग मी परत येस."
त्याची बायको दारात उभी राहून माझ्या तोंडाकडे बघत होती. मी म्हटलं, तपास चालू आहे. लाज कशी नाही वाटली मला!
आता धुळ्याच्या स्टँडवर. मनीषाचा फोन वाजून थांबला. जळगावची गाडी सोडून दिली. चोर कोण ते आधी लालसिंगलाच सांगावं म्हणतो; पिंपळनेरची लागलीय, तिच्यातही अजून चढलेलो नाही.